सोडे आणि नवे बटाटे

उज्जैनच्या फ्रीगंज भाजीबाजारात नवे बटाटे आले की मला कुणी सांगावं लागत नाही. माघातली थंडी अजून हातापायांना सोडत नसते, आणि एके सकाळी हातगाडीवर ते लहान लहान, अंगाला ओली माती चिकटलेले बटाटे दिसतात. अंगठ्याने जरा चोळलं की साल सुटतं. भाजीवाला म्हणतो, "माताजी, बिलकुल नया माल है." मी म्हणते, "वो तो मेरे को दिख रहा है, तू तोल." माळव्याची भाजी निवडण्यात जन्म गेला, आणि हा मला शिकवणार!

पिशवी घेऊन घरी आले की नात ओळखते. "आजी, आज तुझं ते सॅलड?" सॅलड म्हणे. म्हणू दे बापडी. आम्ही त्याला कोशिंबीर म्हणतो. उकडलेले नवे बटाटे, सोडे, बारीक कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर, ओलं खोबरं आणि वरून लिंबू. सोडे म्हणजे सोलून उन्हात वाळवलेली कोळंबी. ते कोमट पाण्यात भिजवायचे, पिळायचे, थोड्या तेलावर खरपूस परतायचे आणि निवल्यावर बटाट्यात मिसळायचे. दही घालायचं नाही. माशाला दही लावत नाहीत, हे आमच्या अलिबागकडच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

आता घर आमचं स्वतःचं आहे, ह्यांची नोकरी संपल्यावर भोपाळहून परत येऊन बांधलेलं. खिडक्या सताड उघड्या टाकून मी सोडे परतते. शेजारची मिश्रीण नाकाला पदर लावते आणि दुसऱ्या दिवशी विरजणाला दही मागायला येते. कुणी काही म्हणत नाही. तरीसुद्धा कढईत सोडे पडले, तो वास उठला, की माझा हात थांबतो आणि कान जिन्याकडे लागतात. आमच्या ह्या घराला जिना नाही.

तो जिना माधव नगरातल्या सेठजींच्या घराचा होता. आम्ही वरच्या मजल्यावर भाडेकरू. साल छप्पन संपून सत्तावन्न लागलेलं. राज्यांची मोडतोड नुकतीच झालेली. माझं लग्न होऊन मी इकडे आले तेव्हा उज्जैन मध्यभारतात होतं. त्याआधी ते ग्वाल्हेर दरबाराचं होतं. सासरची माणसं चार पिढ्यांपूर्वी त्या दरबारात कारकुनीला म्हणून आलेली, इथेच रुजलेली. आता मध्यभारतही पुसलं गेलं आणि आम्ही मध्यप्रदेशात आलो. तिकडे माहेरी माझा भाऊ मुंबईसाठी मोर्च्यांत फिरत होता. माझं माहेर एका राज्यात, सासर दुसऱ्यात, आणि दोन्हींच्या पाट्या बदलत होत्या. माझ्या सासूबाई, आम्ही त्यांना माई म्हणत असू, शांतपणे म्हणायच्या, "राज्यं येतात नि जातात गं. आपल्याला किराया द्यायचाच असतो."

राजधानी भोपाळला गेली, तशी ह्यांची कचेरीही गेली. कचेरीबरोबर हे गेले. भोपाळमध्ये तेव्हा घर मिळणं म्हणजे देव भेटण्यातला प्रकार होता. एकेका खोलीत कारकुनांच्या सतरंज्या शेजारी शेजारी पडायच्या. बायकामुलांना न्यायचं नावच नको. म्हणून मी आणि माई, दोघीच, सेठजींच्या वरच्या मजल्यावर राहिलो. ते घर हातचं गेलं असतं तर आम्हाला दुसरीकडे कुठेही दार नव्हतं, हे आम्हा दोघींना पक्कं माहीत होतं.

आणि त्या घराची अट एकच होती. घर देताना सेठजी ह्यांना म्हणाले होते, "बाबूसाब, कांदा-लहसुन आपकी मर्जी. मांस-मच्छी इस छत के नीचे नहीं. बाकी घर आपका." ह्यांनी शब्द दिला होता. आमच्यात मासे चालतात, पण ह्यांना त्याचं विशेष नव्हतं, आणि माईंनी तर सासरे गेल्यावर मासे कायमचे सोडलेले. राहता राहिले मी. मी समुद्राकाठची. पण नव्या नवरीला कोण विचारतं? दिवाळीला भाऊ आला तेव्हा आईने सोड्यांचा एक डबा पाठवला होता, झाकणाला कणीक लावून बंद केलेला. माईंनी तो जुन्या धोतरात गुंडाळून ट्रंकेच्या तळाशी घातला. "असू दे. माहेरचं आहे, फेकायचं कसं?" एवढंच बोलल्या.

त्या थंडीत मी गरोदर होते. आधीची दोन गेली होती, दोन्ही अर्ध्यावर. हे तिसरं. पोट दिसायला लागलं होतं आणि अंग मात्र उतरत चाललं होतं, कारण पोटात काही ठरत नव्हतं. भात, मुगाचं वरण, डाळिंब, ताक, सगळं गेलं तसं परत यायचं. डॉक्टरीणबाईंनी मला बाहेर बसवलं आणि माईंना आत बोलावलं. दार नीट लागलं नव्हतं. "अन्न टिकलं नाही तर हेही टिकायचं नाही," असं त्या म्हणाल्या. परत येताना टांग्यात माई एक शब्द बोलल्या नाहीत. मीही नाही. भीती अशी असते की ती बोलून दाखवली तर खरी होईल असं वाटतं.

माई रोज विचारायच्या, "काय खावंसं वाटतं? मन मारू नको." मी म्हणायची, "काही नाही." खरं म्हणजे मला चोवीस तास एकच गोष्ट दिसत होती, पण त्या घरात तिचं नाव कसं घ्यायचं? मग एक दिवस माईंनी बाजारातून नवे बटाटे आणले. पाटावर ओतले. त्या ओल्या मातीचा वास आला आणि मला रडूच फुटलं. हुंदके देत मी सांगून टाकलं. आईच्या हातची सोडे-बटाट्याची कोशिंबीर.

माई बराच वेळ बटाटे पुशीत बसल्या. मग म्हणाल्या, "शब्द माझ्या मुलाने दिलाय. डोहाळे माझ्या सुनेला लागलेत. दोन्ही कसं निभवायचं?" आणि पुढे, "डोहाळे मोडायचे नसतात. बघते मी. तू चूप राहा."

आज मी विचार करते, त्या बाईने मला काय दिलं! मासे सोडलेली विधवा बाई, भाड्याचं घर, मुलगा परगावी, आणि ती सोडे शिजवायचा बेत आखत होती, एखाद्याने दरोडा आखावा तसा. गल्लीत त्या आठवड्यात भागवत कथा बसली होती. दुपारभर भोंग्यातून महाराजांचा आवाज यायचा आणि गल्लीतल्या यच्चयावत बायका मंडपात असायच्या. सेठानीजी तर पहिल्या रांगेत. सेठजी देवास गेटच्या दुकानात. माईंनी कृष्णजन्माचा दिवस धरला. "त्या दिवशी नाचगाणं असतं, पाळणा असतो. लवकर नाही सुटायचं ते. जोपर्यंत भोंगा चालू, तोपर्यंत आपलं राज्य."

त्या दुपारी आम्ही खिडक्या लावल्या. फटींत चिंध्या कोंबल्या. ट्रंकेतून डबा निघाला, कणकेचं सील सुरीने उचकटलं, आणि झाकण उघडताक्षणी माझं सगळं माहेर त्या बंद खोलीत येऊन उभं राहिलं. मी डोळे मिटले. माई मात्र नाकाने श्वास न घेता कामाला लागल्या होत्या. सोडे भिजवले. भिजवलेल्या पाण्याचं काय करायचं? मोरीत ओतलं तर नळी खाली चौकात निघायची, सेठानीजींच्या तुळशीशेजारी. माईंनी ते पाणी चुलीच्या राखेत जिरवलं आणि राख बादलीत भरून वर गोवरी ठेवली. नारळाचंही तेच. घरात महाकालाच्या प्रसादाचा नारळ होता, पण माई म्हणाल्या, "देवाचा नारळ ह्यात नको," आणि आदल्या दिवशी दुसरा विकत आणला होता. प्रत्येक गोष्टीला त्यांच्याकडे आपला एक कायदा होता.

शेगडीवर सोडे पडले. माईंनी वासावर तोड म्हणून दुसऱ्या निखाऱ्यांवर लोबान टाकला. त्याने झालं एवढंच, की सोड्यांचा वास दर्ग्यात गेल्यासारखा वाटायला लागला. मला त्या स्थितीतही हसू आलं. माईंनी डोळे वटारले. तेवढ्यात दारापाशी ओरखडे. आम्ही दोघी गारठलो. फटीतून बघितलं तर गल्लीतली पांढरी मांजर. त्या शाकाहारी गल्लीत जन्मलेल्या त्या जनावराने हा वास कधी घेतला असेल? पण रक्त सांगत असणार. हाकललं तर ओरडेल म्हणून माईंनी तिला आत घेतलं आणि दोन सोडे देऊन गप्प केलं. बाहेर भोंग्यात कंस वसुदेव-देवकीला बंदिशाळेत टाकत होता.

माईंना चव बघायची नव्हती. वासावरूनच त्यांनी मीठ घातलं. बटाटे हाताने मोडले, सोडे घातले, कांदा, मिरची, खोबरं. लिंबू पिळलं. एका चिनीमातीच्या बशीत वाढून माझ्यासमोर ठेवलं. माझ्या तोंडाला असं पाणी सुटलं की सांगता सोय नाही. मी हात पुढे केला आणि माई म्हणाल्या, "थांब!"

काय तर म्हणे, डोहाळ्याचा पहिला घास सवाष्णीच्या हातून जायला हवा. लेकुरवाळ्या सवाष्णीच्या. आमच्याकडे तशी रीत होती खरी. माईंना स्वतःच्या हाताची भीती वाटत होती. आधीच्या दोन्ही वेळी त्यांनीच मला भरवलं होतं, ते त्यांच्या मनात घर करून बसलं होतं. "मी हात लावला म्हणून तर..." असं काहीसं पुटपुटल्या. मी म्हटलं, "माई, असं काही नसतं हो." पण त्यांनी शाल घेतली होती. तीन घरं टाकून कमलाबाई म्हणून एक मास्तरीण राहायची, आपल्यातली, चार मुलांची आई. "तिला घेऊन येते. हात लावू नको. सबर कर."

आणि माझ्या हुशार सासूच्या हे ध्यानातच आलं नाही, की गल्लीतल्या सगळ्या बायका कथेला गेल्या आहेत म्हणून तर आपण हा मुहूर्त धरला. सगळ्या म्हणजे कमलाबाईसुद्धा.

मी त्या बशीसमोर बसून राहिले. बशीवर ताटली झाकलेली. मांजर माझ्याकडे आणि ताटलीकडे आळीपाळीने बघत होती. भोंग्यात कृष्ण जन्मला. ढोलक वाजू लागली, बायका गायला लागल्या. मग जिन्यावर पावलं वाजली. मला वाटलं, माई आल्या. मी उठून कडी काढली.

दारात सेठानीजी. हातात पानाचा द्रोण, त्यात लोणी-खडीसाखर. कृष्णजन्माचा प्रसाद गर्भारणीच्या पोटात आधी जावा म्हणून बाई गाणं अर्धं टाकून, धापा टाकत जिना चढून आल्या होत्या. चेहरा फुललेला. "ले लाड़ी, कन्हैया हुआ है," असं माळवीत सूनबाई म्हणून हाक मारत त्यांनी एक पाऊल आत टाकलं आणि तिथेच थबकल्या.

त्यांच्या नाकपुड्या हलल्या. लोबान, कोंडलेल्या खिडक्या, मांजर, झाकलेली बशी. त्यांनी एकेक सगळं पाहिलं. चेहरा हळूहळू उतरत गेला. मी भिंत धरली.

"ये कई है?" त्यांनी विचारलं. काय आहे हे. आवाज अगदी बारीक.

खोटं बोलायला सुचलं नाही. मी म्हणाले, "मेरे मायके का है."

तेवढ्यात माई वर आल्या. एकट्याच, श्वास फुललेला. सेठानीजींना बघून क्षणभर दाराशी उभ्या राहिल्या, मग पुढे येऊन माझ्या आणि त्यांच्या मध्ये उभ्या ठाकल्या. माईंची उंची ती काय, सेठानीजींच्या खांद्याला लागायच्या.

"सेठानीजी, बनाया मैंने है. जो बोलना है मेरे को बोलो. आज निकालो तो आज निकलते हैं. पण हिला आधी खाऊ द्या." शेवटचं मराठीत गेलं. "दो बच्चे गए इसके. इसके पेट में दाना नहीं टिकता. डॉक्टरनी ने जवाब दे दिया है."

"तो खाया क्यूँ नहीं अब तक?" सेठानीजींनी झाकलेल्या बशीकडे बोट केलं.

माईंचा बांध फुटला. "पहला कौर सुहागन के हाथ का चाहिए. गोदवाली सुहागन. पूरी गल्ली में एक नहीं मिली मुझे. सब कथा में बैठी हैं." आणि तिथेच खाली बसून त्या रडायला लागल्या. इतक्या वर्षांत मी माईंना रडताना पाहिलं ते तेवढं एकदा.

सेठानीजी उभ्या होत्या. बाहेर बायका पाळणा म्हणत होत्या. ते उभं राहणं किती वेळ चाललं कोण जाणे. माझ्या पोटात बाळ हललं हे मात्र मला आठवतं. मग त्या माझ्यापर्यंत आल्या. बशीपासून साडी आवरून धरली होती, तिचा वाराही लागू नये अशी. द्रोणातलं लोणी-साखर बोटांवर घेतलं आणि माझ्या तोंडात घातलं. "ले. हो गया पहला कौर. अब खा ले."

एवढं बोलून त्या बाहेर गेल्या आणि जिन्याच्या सगळ्यात वरच्या पायरीवर, आमच्याकडे पाठ करून, नाकाला पदर लावून बसल्या. मी खायला लागले. बटाटा मऊ, सोडे दाताखाली जरासे चिवट, मिरचीचा झणका. मीठ अगदी बरोबर होतं. खालून कुणीतरी "अम्मा, ऊपर क्या कर रही हो?" म्हणून हाक मारली. सेठानीजी तिथूनच म्हणाल्या, "सुस्ता रही हूँ. कोई ऊपर मत आना."

बशी रिकामी झाली. आता खरी परीक्षा. माई माझ्याकडे बघत होत्या, मी मोरीकडे. रोज ह्याच वेळी पोट ढवळून यायचं. मी पाठीला तक्क्या लावून बसले, ओठ घट्ट मिटून. भोंग्यातलं गाणं संपलं, आरती झाली, भोंगा बंद पडला. जिन्यावरची पाठ हलली नाही. बऱ्याच वेळाने, मागे न वळता, सेठानीजींनी विचारलं, "टिका?"

"टिकलं," माई म्हणाल्या.

त्या उठल्या. जाताना म्हणाल्या, "जापा यहीं होगा. फिर घर देख लेना." बाळंतपण इथे होईल, त्यानंतर घर सोडायचं. आवाजात राग नव्हता आणि घासाघिशीला जागाही नव्हती. दुसऱ्या सकाळी त्यांनी आमचा जिना वरपासून खालपर्यंत क्षिप्रेच्या पाण्याने स्वतः धुतला. त्यानंतर आमच्या घरचं पाणी त्या कधी प्यायल्या नाहीत. सेठजींना त्यांनी काय सांगितलं, सांगितलं का, आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही.

त्या कोशिंबिरीने चमत्कार केला असं मी म्हणणार नाही. पण त्या दिवसानंतर माझ्या पोटाला अन्नाची ओळख पटली. हळूहळू वरणभात टिकायला लागला. माझी नात डॉक्टरकीला आहे, ती म्हणते, "आजी, तसंही बरं वाटलंच असतं, ते हॉर्मोन्सचं असतं." असेल. तिला एवढं शिकवलं ते काही उगाच नाही. पण ती त्या पायरीवर बसली नव्हती.

आता मी कधी कधी विचार करते की सेठानीजींना ते सोपं गेलं नसणार. मला ते फार उशिरा कळलं. तेव्हा मी फक्त माझीच भीती मोजत होते. जन्मभर जिवाला जपलं, पाण्यातला किडा मरू नये म्हणून पाणी गाळून प्यायलं, आणि आपल्याच छताखाली, आपल्याच पाठीमागे कुणी तरी ते खातंय, आणि आपण राखणीला बसलोय. माझ्याच्याने झालं नसतं. मी स्पष्ट सांगते, अशी कुणी माझ्या धर्माच्या आड आली असती तर मी बशी उचलून फेकली असती. माझा स्वभाव तसाच आहे.

उन्हाळा संपता संपता मला मुलगी झाली. रडली ती असं रडली की खालून सेठजींनी विचारायला माणूस पाठवला. सेठानीजींनी ओव्याचे आणि सुंठीचे लाडू पाठवले, डबा भरून. हे भोपाळहून आले. माईंनी त्यांना सगळं एका दमात सांगितलं. ह्यांनी मुलीकडे पाहिलं. "शब्द मोडला," म्हणाले. आणि मग, "मोडला ते बरं झालं." एका सहकाऱ्याच्या ओळखीने भोपाळला दीड खोली मिळाली होती. सव्वा महिना झाला आणि आम्ही सामान बांधलं.

टांगा दारात उभा होता. ट्रंका चढल्या, माई चढल्या. सेठानीजी ओसरीवर आल्या होत्या. मी मुलीला माईंकडे दिलं, डोक्यावर पदर घेतला आणि वाकले. आमच्याकडे निघताना थोरांच्या पाया पडतात. मी हात पुढे केले आणि त्यांनी पाय झटकन मागे ओढले.

माझे हात तसेच हवेत राहिले. कानशिलं तापली. मनात आलं, अजून विटाळ धरून आहेत. एवढं करून शेवटी हेच. निदान निघताना तरी नको होतं. मी मान वर केली नाही, कारण डोळे भरले होते.

"अरे, ये क्या करती है?" त्यांचा आवाज अगदी जवळून आला. "हमारे यहाँ बेटियाँ पाँव नहीं पड़तीं. बेटियों के पड़ते हैं."

आणि ती एवढी थोराड, गुडघ्यांनी अधू बाई, ओसरीच्या खांबाला धरून हळूहळू वाकली, माझ्या दोन्ही पावलांना हात लावला आणि तो हात आपल्या कपाळाला लावला. मग तशीच खांब धरून उठली, श्वास घेतला, आणि वरच्या मजल्याची किल्ली मागून घेतली.